चितळकरांचा बाँगो

(डिंभे येथील वसंत व्याख्यानमालेतील व्याख्यान)

रामचंद्र नरहर चितळकर ऊर्फ सी. रामचंद्र यांचा जन्म १९१८चा, पुणतांब्याचा. तालीम विनायकबुवा पटवर्धनांकडची. ‘अनारकली’तला भीमपलास, ‘ऐ मेरे वतन के लोगों’ हे सर्वश्रुत असल्याने ते इथे वगळले आहे. देशी संगीत आणि जाझ यांच्या त्यांनी केलेल्या मिश्रणाचे मर्म नेहमी चालीत शोधले जाते. ते आहे तालात.

मुंबईत जाझ रुजला तो ताजमहाल हॉटेलात. १९३५मध्ये लिऑन ॲबी हा कृष्णवर्णीय अमेरिकी वादक आपला बँड घेऊन तिथे आला. मागोमाग क्रिकेट स्मिथ (हे माणसाचे नाव आहे, धावसंख्या विचारू नये) आणि पियानोवादक टेडी वेदरफर्ड आले. चर्चच्या शाळांत पाश्चात्त्य स्वरलिपी शिकलेले गोव्याचे वादक त्यांच्या वादनावर घडले. हळदोण्याचा चिक चॉकलेट त्यांतलाच. त्याचा ट्रम्पेट ‘अलबेला’त (१९५१) सी. रामचंद्रांच्या साथीला आला.

त्याच चित्रपटातल्या ‘शोला जो भडके’त बाँगो वाजतो. आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलेल्यांच्या वंशजांनी हे वाद्य पूर्व क्युबात घडवले. नारायणगावच्या तमाशाच्या राहुट्यांपर्यंत ज्यांचे जाणे-येणे आहे, त्यांना (हात वर करण्याची सक्ती नाही) ते ढोलकीच्या आधाराने चटकन कळेल. ढोलकीचे एक तोंड बारीक, टणत्कारी. दुसऱ्यातून घुमारा निघतो, आणि हात दाबून तो वरखाली सरकवता येतो. लावणीचा अर्धा नखरा त्या सरकण्यात असतो. बाँगोलाही तोंडे दोन, पण घुमारा नाही. थाप पडते आणि विरते. मग खालची पोकळी भरायला दुसरे वाद्य लागते, वरच्या मोकळ्या जागेत ट्रम्पेट, क्लॅरिनेट, सॅक्सोफोन शिरतात. मधे चाल मात्र गळ्यावर बसणारी, सरळ देशी. ‘धीरे से आजा री’ ही पिलूतली अंगाईही याच चित्रपटातली.

ढोलकीवर बोलायचे अजून पुष्कळ राहिले आहे, परंतु शेवटच्या एसटीची वेळ पाहता आवरते घेणे इष्ट.

सी. रामचंद्रांनी परदेशी चाली चोरल्याचा आक्षेप जुनाच आहे. ‘समाधी’तल्या (१९५०) ‘गोरे गोरे’मागे लॅटिन ढंगाचे परदेशी गाणे आहे, हे नाकारण्यात अर्थ नाही. मात्र एका गाण्यावरून ‘शिनशिनाकी बूबला बू’ (१९५२) चित्रपटात जाझसारखे निरर्थक अक्षरांचे गायन आणणाऱ्याला नकलाकार ठरवणे हा आळस झाला. खरा आक्षेप श्रेयाबाबत घ्यावा. ‘आशा’तल्या (१९५७) ‘ईना मीना डीका’मध्ये कोकणी शब्द घातले ते जॉन गोम्स या गोव्याच्या सहायकाने, असे सांगतात. गाणे घरोघर पोहोचले. गोम्स हे नाव किती घरांत पोहोचले?

मराठीत ‘घरकुल’ (१९७०) आणि गदिमांसोबतचे ‘गीतगोपाल’ ही सी. रामचंद्रांची कामे उल्लेखनीय आहेत. त्यांचे आत्मचरित्र ‘माझ्या जीवनाची सरगम’ १९७७मध्ये प्रसिद्ध झाले. निधन ५ जानेवारी १९८२ रोजी.