स्वित्झर्लंडचा फॉन्ड्यू

स्वित्झर्लंडचे नाव निघाले की हिमाच्छादित शिखरे, गळ्यात घंटा बांधलेल्या गाई आणि घड्याळे डोळ्यांपुढे उभी राहतात. त्यांच्या जोडीला एक भांडेही आता त्या देशाची खूण होऊन बसले आहे. मेजाच्या मध्यभागी स्पिरिटच्या दिव्यावर मातीचे एक जाड, पसरट भांडे ठेवलेले असते. त्यात वितळलेले चीज मंदपणे खदखदत असते आणि भोवतालची मंडळी लांब दांड्याच्या काट्याला पावाचा तुकडा टोचून तो त्यात बुडवीत असतात. हाच फॉन्ड्यू. फ्रेंच भाषेत या शब्दाचा अर्थ ‘वितळलेले’ एवढाच आहे.

याच्या जन्माची कथा अशी सांगतात, की हिवाळ्यात डोंगरावर अडकून पडलेल्या गुराख्यांनी शिळा पाव आणि टणक झालेले चीज खपविण्यासाठी ही युक्ती काढली. कथा गोड आहे; पण कागदपत्रांत तिला आधार मिळत नाही. वाइनमध्ये चीज शिजवून त्यात पाव बुडविण्याची जुनी कृती आढळते ती झुरिचसारख्या नगरात, आन्ना मार्गारेटा गेस्नर यांच्या १६९९ च्या पाकसंग्रहात. शिवाय डोंगरावरचे ग्रुयेरसारखे उत्तम चीज हा गुराख्याचा रोजचा घास नव्हे, ती विकण्याची वस्तू. सुमारे ३५ किलोच्या एका चक्रीला जवळजवळ ४०० लिटर दूध लागते. असले धन गुराखी स्वतःच वितळवून खात बसला असेल, हे संभवत नाही.

फॉन्ड्यूला राष्ट्रीय अन्नाचा मान मिळाला तो विसाव्या शतकात, आणि त्यामागे निव्वळ व्यापारी निकड होती. १९१४ मध्ये स्थापन झालेला स्विस चीज संघ ठरीव दराने चीज विकत घेई आणि त्याच्या विक्रीची व्यवस्था पाही. माल साचू लागला, तेव्हा १९३० नंतरच्या दशकात संघाने फॉन्ड्यूचा प्रचार हाती घेतला. शेजारी हुकूमशाह्या बळावत होत्या. चार भाषा बोलणाऱ्या त्या लहान देशाला आपल्या ऐक्याची खूण हवीच होती. फ्रेंच भाषिक पश्चिम भागातला पदार्थ अशा रीतीने साऱ्या देशाचा झाला. महायुद्धानंतर संघाने सैन्याच्या पलटणींकडेही फॉन्ड्यूची भांडी पाठविली. संघ १९९९ मध्ये विसर्जित झाला. भांडी मात्र घराघरांत राहिली. जाहिरातीने पदार्थ एकदा दारात आणून सोडता येतो. पण तीन पिढ्या तो चुलीवर चढत राहतो, तो खाणाऱ्यांच्या मर्जीनेच. तेव्हा त्याला परंपरा म्हणावयास हरकत नसावी.

कृती दिसावयास अगदी सोपी आहे. चार माणसांस ८०० ग्रॅम चीज लागते. फ्रिबूर्ग भागात निम्मे ग्रुयेर आणि निम्मे व्हाशरँ घेतात. नशातेलकडे ग्रुयेरच्या जोडीला एमेन्टाल असते. भांड्याच्या आतून लसणाची कापलेली पाकळी चोळावी. किसलेल्या चीजला मक्याच्या पिठाचे दोनतीन लहान चमचे लावून घ्यावे. सुमारे ३५० मिलिलिटर आंबटसर, कोरडी पांढरी वाइन भांड्यात तापवावी आणि मूठमूठ चीज घालीत, मंद आचेवर सतत ढवळीत राहावे. ढवळणारी जुनी मंडळी उलथने गोल न फिरविता इंग्रजी आठाच्या आकड्याप्रमाणे फिरवितात. शेवटी मिरपूड, किंचित जायफळ आणि चेरीपासून काढलेल्या किर्श नावाच्या मद्याचा लहानसा पेला. मद्य वर्ज्य असेल तेथे सफरचंदाच्या रसात लिंबू पिळून काम भागते.

खरी परीक्षा पुढेच असते. दूध फाटते तसा फॉन्ड्यूही फाटतो. तूप वर तरंगते आणि खाली रबरासारखा गोळा उरतो. असे होते, कारण चीजमधील प्रथिनांची जाळी कॅल्शियमने घट्ट बांधलेली असते. आच वाढली की ती आकसते आणि आतली चरबी व पाणी पिळून बाहेर टाकते. वाइनमधील आम्ल त्यातले काही कॅल्शियम आपल्याकडे ओढून घेते, त्यामुळे जाळी सैल होते. पिठातील स्टार्च गुठळ्या होऊ देत नाही. वाइन केवळ चवीसाठी घालतात, हा समज म्हणूनच अपुरा आहे. फाटलेला फॉन्ड्यू टाकून देण्याचे कारण नाही. लिंबाच्या रसात चमचाभर मक्याचे पीठ कालवून घालावे आणि आचेवर जोराने घोटावे. बहुधा तो सांधतो.

याच तत्त्वाचा एक धागा भारतातल्या स्वयंपाकघरांपर्यंत आला आहे. स्वित्झर्लंडमधील थून गावी वाल्टर गेर्बर आणि फ्रिट्झ श्टेट्लर यांनी १९११ मध्ये सोडियम सायट्रेट हा क्षार वापरून न फाटणारे, टिकाऊ चीज तयार केले. आपल्याकडे डब्यांतून आणि वड्यांच्या रूपाने मिळणारे प्रक्रिया केलेले चीज त्याच वंशातले. पनीर मात्र येथे उपयोगी नाही. आम्लाने फाडलेल्या दुधाचे ते असल्यामुळे कितीही तापविले तरी वितळत नाही. शाकाहारी मंडळींनी आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी: पारंपरिक ग्रुयेरचे दूध वासराच्या जठरातील द्रव्याने जमवितात.

मेजावरचे नियम थोडके, पण कडक. ज्याचा पाव भांड्यात पडेल त्याने दंड द्यावा; तो बहुधा सर्वांना वाइन पाजण्याचा असतो. सोबत काय प्यावे, हा वाद मात्र अनेक घरांत मिटलेला नाही. थंड पाण्याने पोटात चीजचा गोळा होतो, म्हणून वाइन किंवा गरम काळा चहाच प्यावा, असे वडीलधारे बजावतात. झुरिचच्या वैद्यकीय संशोधकांनी हा वाद प्रयोगास लावला आणि २०१० मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले. वाइन पिणाऱ्यांचे जठर चहा पिणाऱ्यांपेक्षा सावकाश रिकामे झाले. अपचनाच्या तक्रारींत मात्र दोघांत फरक पडला नाही.

भांडे रिकामे होत आले की तळाशी तांबूस, कुरकुरीत थर धरलेला असतो. दुधाच्या पातेल्याच्या खरवडीवर घरातल्या मुलांचा डोळा असतो, तसा यावर साऱ्यांचा. फ्रेंच भाषिक स्विस त्याला ‘जोगीण’ अशा अर्थाचे नाव देतात. दिवा मालवून हा थर सुरीने सोडवितात आणि बसलेल्या सर्वांना तुकडा तुकडा वाटून देतात.