तळटीपेतला माणूस



मी मॅट्रिक पास. गोदीत ओझी उचलतो आणि कविता लिहितो. तरी आज एका प्रोफेसरवर बोलणार आहे. नाव डेव्हिड दाबीदीन. जन्म १९५५, गयानातल्या बर्बिसचा.

ह्याचे वाडवडील हिंदुस्थानातून नेलेले गिरमिटिये. १८३८ साली तिथली गुलामगिरी पुरती संपली, आणि उसाच्या फडात राबायला मळेवाल्यांना नवी माणसं हवी झाली. त्याच साली कलकत्त्याहून पहिली दोन जहाजं पोचली. १९१७ पर्यंत एकट्या ब्रिटिश गयानात सुमारे २ लाख ३८ हजार माणसं नेली. करारावर अंगठा घेतला आणि नाव ठेवलं कुली.

दाबीदीन १९६९ साली पोरवयात इंग्लंडला गेला. केंब्रिजला इंग्रजी शिकला, लंडनला डॉक्टरेट घेतली, वॉरिक विद्यापीठात प्रोफेसर झाला. कादंबऱ्या लिहिल्या. २०१० ते २०१५ चीनमध्ये गयानाचा राजदूत होता. तुम्ही म्हणाल, साला साहेब झाला, आपला काय संबंध? थांबा.

१९८४ साली त्याचा पहिला कवितासंग्रह आला, 'स्लेव्ह साँग'. कसला? फडातल्या माणसांच्या क्रिओल बोलीतला. शुद्धवाले जिला मोडकी म्हणतात, ती. तिच्यात घाम आहे, शिवी आहे, वासना आहे. शुद्ध इंग्रजी भाषांतर आणि टिपा त्यानं मागच्या पानांवर ढकलल्या. ह्याच पुस्तकाला राष्ट्रकुल कविता पुरस्कार मिळाला.

आता दुसरी गोष्ट. १७८१ साली 'झाँग' जहाजावरून सुमारे १३० गुलाम जिवंत समुद्रात फेकले. मालकांनी विम्याचे पैसे मागितले. १७८३ साली लंडनच्या कोर्टात खटला चालला तो खुनाचा नाही, मालाच्या नुकसानीचा! १८४० साली टर्नर ह्या चित्रकारानं असल्याच एका जहाजाचं चित्र काढलं. १८४३ साली समीक्षक रस्किननं त्यातल्या समुद्रावर, रंगांवर भरभरून लिहिलं. आणि बुडणारी माणसं? ती टाकली तळटिपेत.

दाबीदीननं १९९४ साली 'टर्नर' ही दीर्घकविता लिहिली. चित्रात पाण्याखाली गेलेल्या त्या माणसाला त्यानं बोलतं केलं. आणि गुलामांच्या जहाजाच्या कप्तानाला नाव दिलं टर्नर.

कळलं का काय केलं ते? रस्किननं माणूस तळटिपेत टाकला. ह्यानं माणूस मधे आणला आणि साहेबाची भाषा तळटिपेत टाकली. फडातल्याला पान उलटावं लागत नाही. पान साहेबाला उलटावं लागतं.

तरी एक खटकतं. ते पुस्तक छापलं परदेशात, नावाजलं परदेशात. फडात ऊस तोडणाऱ्याच्या हातात किती प्रती पडल्या असतील? हा सवाल मी त्याला करत नाही, आपल्याला करतो. आपणही वस्तीची बोली लिहितो आणि शेवटी शब्दार्थ जोडतो. कोणासाठी?

म्हणून सांगतो, कविता लिहिली की आधी नाक्यावर वाचा. तिथं टीप द्यावी लागली तर कविता फाडून टाका. संमेलनात द्यावी लागली, तर उलटू द्या त्यांना पानं.