जबलपूरचे पिअर्स, पर्थचे पिअर्स



ऑक्टोबर १९६८. मेक्सिको ऑलिंपिकच्या उपांत्य सामन्यात ऑस्ट्रेलियानं भारताला हॉकीत २-१ असं हरवलं. १९२८ पासून आपला संघ पहिल्या दोनांत नाही, असं तोवर एकदाही घडलं नव्हतं. आमच्या घरी तर सुतक पडल्यासारखं झालं. माझे काका नागपूरच्या मोतीबागेत रेल्वेच्या नोकरीत होते. त्यांची तुतीच्या लाकडाची स्टिक दाराआड खिळ्याला टांगलेली असायची. दर उन्हाळ्यात तिला जवसाचं तेल चोळायचं, मुठीवरची पट्टी उकलून पुन्हा घट्ट गुंडाळायची, हे काम आम्हा पोरांचं. त्या दिवशी सगळे हळहळत असताना काका एवढंच म्हणाले, "हारलो कायले म्हणता बे? आपल्याच इकडचे पोट्टे होते तिकून."

मला वाटलं, मनाची समजूत घालताहेत. पण ऑस्ट्रेलियाच्या त्या संघाची यादी पाहा. एरिक पिअर्स, गॉर्डन पिअर्स, ज्युलियन पिअर्स. तिघे सख्खे भाऊ आणि तिघांचाही जन्म जबलपूरचा.

जबलपूर आज आपल्याला परराज्य वाटतं. त्या काळी ते मध्य प्रांत-वऱ्हाडातलं, म्हणजे नागपूर राजधानी असलेल्या प्रांतातलं. गोंदियाहून नैनपूरमार्गे बंगाल-नागपूर रेल्वेची नॅरोगेज गाडी तिथवर जायची. छावणी, गन कॅरेज फॅक्टरी, रेल्वे, आणि या सगळ्यांत नोकरी करणारी अँग्लो-इंडियन कुटुंबं. त्यांच्या पोरांच्या हातात स्टिक असायचीच. पिअर्सांच्या घरात सेसिल, मेल, एरिक, गॉर्डन, ज्युलियन अशी पाच मुलं. एरिक १९३१ चा.

स्वातंत्र्याच्या सुमारास अनेक अँग्लो-इंडियन कुटुंबांनी मुलूख सोडला. ऑगस्ट १९४७ मध्ये 'मनूरा' या जहाजानं मुंबईहून कित्येकांना पर्थजवळच्या फ्रीमँटल बंदरात उतरवलं. ऑस्ट्रेलियात तेव्हा फक्त गोऱ्यांना थारा देणारं धोरण होतं. आपल्यात युरोपी रक्त किती, हे या माणसांना दाखवावं लागे. इथे साहेबाचे म्हणून वेगळे, तिथे काळे म्हणून वेगळे. पिअर्स कुटुंबही त्याच काळात पर्थला गेलं.

आणि पर्थचा हिवाळा म्हणजे 'फुटी', ऑस्ट्रेलियन नियमांचा फुटबॉल. आपल्या जामठ्यासारखं गोल क्रिकेटचं मैदान, एका बाजूला अठरा गडी, अंडाकृती चेंडू, दोन्ही टोकांना चार-चार खांब. चेंडू हातात घेऊन पळता येतं, पण फेकता येत नाही. मुठीनं ठोसायचा, नाहीतर लाथेनं उडवायचा. तिथला शाळकरी पोरगा मोठा होतो तो हे पाहत. बाहेरून आलेल्या पोरानं आपलंसं व्हायचं तर सोपी वाट तीच होती. पिअर्सबंधूंचं नाव झालं ते मात्र स्टिकवर. पाचही भाऊ ऑस्ट्रेलियाकडून खेळले. एका घरातले पाच! आपल्याकडे एका घरात पाच जण एका पक्षाला मत देत नाहीत.

ऑस्ट्रेलियाचा हॉकी संघ ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा उतरला तो १९५६ मध्ये, घरच्याच मेलबर्नला, आणि त्यात मेल, एरिक, गॉर्डन हे तिघे होते. १ नोव्हेंबर १९५६ ला नागपूरचं राजधानीपण गेलं, जबलपूर एका राज्यात आणि आपण दुसऱ्या राज्यात गेलो. त्यानंतर तीनच आठवड्यांनी तो ऑलिंपिक सोहळा सुरू झाला. हॉकीचा अंतिम सामना झाला ६ डिसेंबरला. भारतानं पाकिस्तानला १-० असं हरवलं, पण बाबासाहेबांच्या निधनाच्या त्या दिवशी नागपूरला हॉकी कुठली सुचणार? दुसऱ्या दिवशी त्याच मेलबर्न क्रिकेट ग्राउंडवर जगाला दाखवण्यासाठी म्हणून फुटीचा सामना खेळवला गेला.

मला सगळ्यात आवडतो तो १९६० चा रोममधला उपांत्यपूर्व सामना. भारताचा कर्णधार लेस्ली क्लॉडियस, जन्म बिलासपूरचा, बंगाल-नागपूर रेल्वेच्या संघातून पुढे आलेला. समोर ऑस्ट्रेलियाच्या संघात एरिक आणि ज्युलियन, जबलपूरचे. म्हणजे रोममध्ये दोन्हीकडून आपला जुना मध्य प्रांतच! भारत १-० असा जेमतेम निसटला. त्या गदारोळात कोणाच्या तोंडून एखादी जबलपुरी शिवी निघाली असेल का, हे विचारायला आता क्लॉडियस नाहीत. २०१२ मध्ये ते कोलकात्यात वारले.

पुढे १९६४ ला टोकियोत ऑस्ट्रेलियाला कांस्य मिळालं, १९६८ ला रौप्य. एरिक दोन्हीकडे होता. त्याची ही तिसरी आणि चौथी ऑलिंपिक. "गोऱ्यांनी आपला खेळ हिसकावला" असं आपल्याकडे अजून ऐकू येतं, तेव्हा मला काकांचं ते वाक्य आठवतं. हिसकावला कुठे? थोडा तरी तो इथूनच बोटीत बसून गेला होता.

१९८४ ला लॉस एंजेलिसच्या ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रेलियाच्या महिला संघात कोलीन पिअर्स खेळली. ती एरिकची मुलगी. तिचा जन्म मात्र पर्थचा.