थोरला शेजारी

(मंडळाच्या गणेशोत्सव व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचा मजकूर)



कार्यकारिणीने मला विषय दिला तो 'स्वातंत्र्योत्तर भारताचे परराष्ट्र धोरण'. आरतीला अजून पाऊण तास आहे आणि तेवढ्या वेळात हा विषय मावणारा नाही. शिवाय मी काही या विषयाचा प्राध्यापक नव्हे. माझी सारी नोकरी बँकेत गेली आणि त्यातली निम्म्याहून अधिक बंगालमध्ये. म्हणून विषयाचा एकच कोपरा घेतो : आपला देश आणि त्याचे लहान शेजारी.

सुरुवात घरापासून करतो. कोलकात्यात मी नवा होतो तेव्हा शेजारच्या मासिमा नातवाला झोपवताना एक अंगाई म्हणत. तिच्यात 'बर्गी' असा शब्द ऐकू आला, म्हणून मी अर्थ विचारला. त्या हसून म्हणाल्या, "अहो, ते तुमचेच लोक!" नागपूरकर रघुजी भोसल्यांच्या फौजा १७४२ पासून जवळजवळ दहा वर्षे बंगालवर चालून येत होत्या. त्यांच्या भीतीने कंपनीच्या कोलकात्याभोवती खंदक खणला गेला. तो 'मराठा डिच' पुढे बुजवला आणि त्या रेषेवर सर्क्युलर रोड झाला. आपण शाळेत अटकेपार झेंडे शिकलो, पण बंगालची ही बाजू आपल्या पुस्तकात दोन ओळींत संपली. इथे मात्र ती अंगाईत राहिली. त्या दिवशी मला कळले की बलवान माणूस विसरतो ते दुबळ्याच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या लक्षात राहते. परराष्ट्र धोरणाचा माझा पहिला धडा तो.

स्वातंत्र्य मिळण्याच्या आधीच, मार्च १९४७ मध्ये, दिल्लीच्या पुराण्या किल्ल्यात आशियाई देशांची परिषद भरली. पुढे १९५५ ला बांडुंग, १९६१ ला बेलग्रेड. कोणत्याही गटाच्या दावणीला बांधून घ्यायचे नाही, हे पंडित नेहरूंचे सूत्र जगाने ऐकले. परंतु मोठ्या व्यासपीठावरची भाषणे वेगळी आणि कुंपणाला कुंपण लागलेल्याशी रोजचा व्यवहार वेगळा. नेपाळ, भूतान, श्रीलंका, मालदीव आणि १९७१ नंतर बांगलादेश, यांच्या दृष्टीने आपण अलिप्ततेचे पुरस्कर्ते वगैरे नंतर. आधी आपण थोरला शेजारी.

या थोरलेपणाचे चांगले दाखले आहेत. १९७१ मध्ये सुमारे एक कोटी निर्वासित आपल्याकडे आले. इथे बसलेल्या अनेकांच्या घरांनी ते पाहिले आहे. युद्ध झाले, ढाका मुक्त झाले. त्यानंतर जे घडले ते मला विजयाइतकेच मोलाचे वाटते. १२ मार्च १९७२ रोजी ढाक्याच्या स्टेडियमवर आपल्या सैन्याचे निरोपाचे संचलन झाले. विजयानंतर तीन महिन्यांच्या आत आपण बाहेर! नोव्हेंबर १९८८ मध्ये मालदीवमध्ये भाडोत्री सैनिकांनी उठाव केला, तेव्हा आपले छत्रीधारी सैनिक आग्र्याहून रातोरात तिथे उतरले. काम झाल्यावर बहुतेक तुकड्या लवकरच परतल्या.

आता दुसरी बाजू. २९ जुलै १९८७ रोजी श्रीलंकेशी करार झाला आणि आपली शांतिसेना तिथे गेली. तमिळांना न्याय मिळावा हा हेतू होता. पण ज्या वाघांनी शस्त्रे खाली ठेवायची, त्यांच्याशीच लढाई जुंपली. सिंहली जनतेला ते परके सैन्य वाटले आणि पुढे तमिळांनाही. कोलंबोच्या नव्या अध्यक्षांनी तर 'आता जा' असे उघड सांगितले. मार्च १९९० मध्ये शेवटची तुकडी परतली, तोवर आपले अकराशेहून अधिक जवान कामी आले होते. त्यांच्या शौर्याला बोट लावायची कुणाची प्राज्ञा नाही. पण आत कसे जायचे हे ठरवताना बाहेर कधी पडायचे हे ठरले नव्हते, याची किंमत त्यांनी मोजली.

नेपाळचे उदाहरण अलीकडचे आहे. एप्रिल २०१५ च्या भूकंपात आपली पथके काही तासांत काठमांडूला पोहोचली. सप्टेंबरात नेपाळची नवी घटना आली, तराईत आंदोलन पेटले आणि सीमेवर ट्रक अडले. आपले म्हणणे असे की अडवणूक आंदोलकांची होती. नेपाळी गृहिणीने मात्र रिकाम्या सिलिंडरचा दोष दिल्लीला दिला. भूकंपात कमावलेले पुण्य पाच महिन्यांत वाहून गेले. मार्च २०१६ मध्ये नेपाळने चीनशी वाहतुकीचा करार केला.

मंडळी, आता माझ्या स्वतःच्या अनुभवाकडे येतो. हे सांगायला थोडे जड जाते.

१९९६ साली मी कूचबिहार जिल्ह्यात, दिनहाट्याच्या बाजूला एका शाखेत होतो. त्या भागात 'छिटमहल' नावाचा प्रकार होता. कूचबिहारचे राजे आणि मोगल यांच्या जुन्या लढायांतून एकाची गावे दुसऱ्याच्या मुलखात राहून गेली. राजांनी बुद्धिबळात गावे पणाला लावली अशी दंतकथाही लोक सांगत. फाळणीनंतर त्यांचे झाले असे की भारताची १११ छिटे बांगलादेशाच्या पोटात आणि बांगलादेशाची ५१ आपल्या पोटात. आत ना शाळा, ना दवाखाना, ना वीज, ना पोलीस. मुलाला शाळेत घालायचे तर बापाच्या जागी भारतातल्या कुणाचे तरी नाव उसने घ्यायचे.

एके दिवशी एक शेतकरी शाखेत आला. तंबाखूचे पैसे ठेवायला खाते उघडायचे होते. मी रेशनकार्ड मागितले, ते नव्हते. मतदार ओळखपत्रही नव्हते. पत्ता विचारला तर छिटातला. त्याचे शेत आमच्या शाखेपासून पाच-सहा किलोमीटरवर, पण कागदावर तो परदेशी. मी फॉर्म परत केला. तो शांतपणे म्हणाला, "साहेब, माझ्या देशात जायचं तर आधी तुमच्या देशातून जावं लागतं. आणि तुमच्या देशात पाऊल टाकायची मला परवानगी नाही. मी उभा तरी कुठे राहू?" नियमाने मी बरोबर होतो. आजही तोच नियम असता तर मी तेच केले असते. पण त्या प्रश्नाला माझ्यापाशी उत्तर नव्हते.

उत्तर दिल्लीपाशी होते, आणि ते फार पूर्वी लिहूनही झाले होते! १६ मे १९७४ रोजी इंदिराजी आणि शेख मुजीब यांनी सीमा करारावर सह्या केल्या. छिटांची अदलाबदल करायची असे त्यात ठरले. बांगलादेशाने त्याच वर्षी त्याला मान्यता दिली. आपल्याकडे मात्र भूभाग द्यायचा म्हणजे घटनादुरुस्ती हवी, असे बेरुबाडी प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने १९६० मध्येच सांगितले होते. शिवाय मोजणी, खटले, आंदोलने. तीनबिघाची जेमतेम १७८ मीटर लांबीची वाट देण्यावरूनही केवढे रण माजले! ती १९९२ मध्ये उघडली, तीही दिवसाचे काही तास. हिशोब केला तर आपल्याला सुमारे १७ हजार एकर द्यायचे होते आणि ७ हजार एकर मिळायचे होते. दहा हजार एकर जास्त का द्यायचे, असे ओरडणाऱ्यांपैकी कितीजणांनी ती जमीन पाहिली होती? तिथे आपला पोस्टमनसुद्धा जाऊ शकत नव्हता.

अखेर मे २०१५ मध्ये संसदेत शंभरावी घटनादुरुस्ती एकमताने झाली. ३१ जुलैच्या मध्यरात्री छिटे संपली. करारापासून एक्केचाळीस वर्षांनी. त्या रात्री आपला एक जवानही खर्ची पडला नाही.

काही जण म्हणतील, आम्हीच का द्यायचे? शेजारी थोडेच साधे आहेत? खरे आहे. आपल्याविरुद्ध घोषणा देऊन तिथे निवडणुका जिंकल्या जातात. आपल्या अतिरेक्यांना तिथे आसरा मिळाला आहे. १९७१ मध्ये एवढे केले त्या बांगलादेशात ५ ऑगस्ट २०२४ ला सरकार कोसळले, तेव्हा आपल्याबद्दलचा राग रस्त्यावर दिसलाच. मालदीवने २०२४ मध्ये आपल्या सैनिकांना परत जायला लावले. पण राग आला की मी भूतानकडे बघतो. चुखाच्या जलविद्युत प्रकल्पाला आपण पैसा दिला, बराचसा अनुदान म्हणून. तिथली वीज आपण विकत घेतो, त्यांचा खजिना भरतो, आपले दिवे लागतात. डिसेंबर २००३ मध्ये त्याच छोट्या देशाने स्वतःचे सैन्य घालून आपल्या ईशान्येतल्या अतिरेक्यांचे तळ उठवले. आणि १९४९ च्या तहात 'परराष्ट्र व्यवहारात भारताच्या सल्ल्याने चालावे' असे जे कलम होते, ते २००७ मध्ये आपण आपणहून बदलले. त्यामुळे आपण लहान झालो का?

१९९६ मध्ये परराष्ट्रमंत्री असताना इंद्रकुमार गुजराल यांनी हेच सूत्र मांडले होते : या पाच लहान शेजाऱ्यांशी वागताना परतफेडीचा हिशोब धरायचा नाही. त्याच डिसेंबरात बांगलादेशाशी गंगेच्या पाण्याचा तीस वर्षांचा करार झाला. काहींनी गुजरालांना भोळे म्हटले. बँकेतला माणूस म्हणून मी इतकेच सांगेन, की पत एका दिवसात मिळत नाही आणि एका थकलेल्या हप्त्याने जाऊ शकते. दिलेला शब्द वेळेवर पाळणे, काम झाले की निघणे, आणि मैत्री गादीवरच्या एकाच माणसाशी न ठेवता त्या देशाच्या लोकांशी ठेवणे, ही थोरल्या शेजाऱ्याची पत आहे. देश जसजसा मोठा होईल तसतशी ती जास्त सांभाळावी लागेल.

आपण सारे परप्रांतात घर केलेली माणसे. शेजाऱ्यांनी सामावून घेतले म्हणून या गणपतीला या गावात मांडव मिळाला. हे निराळे समजावून द्यायची गरज नाही.

२०१६ साली एका सहकाऱ्याच्या मुलीच्या लग्नासाठी पुन्हा दिनहाट्याला गेलो होतो. आमच्या शाखेतला जुना शिपाई भेटला. त्या शेतकऱ्याची चौकशी केली. तो काही वर्षांपूर्वीच गेला होता. मुलगा मात्र होता. त्या वर्षीच्या विधानसभा निवडणुकीत त्याने आयुष्यात पहिल्यांदा मत दिले होते. शिपाई म्हणाला, "त्याचं खातं आपल्याच शाखेत आहे, साहेब."

बापाचा फॉर्म परत करणारा हात माझा होता. मुलाचा फॉर्म कुणी घेतला ते मला ठाऊक नाही, पण त्या अधिकाऱ्याचा मला हेवा वाटतो.

गणपती बाप्पा मोरया!