दुकान दोघांचं, कागद कोणाचा?

शिराळ्यातल्या ताईंनो, दादांनो,
दुकान तुम्ही नवरा-बायको दोघं चालवता.
पण कागदावर नाव कोणाचं आहे?

रेमंड कापडाचं नाव तुम्ही ऐकलं असेल.
त्या कंपनीचे गौतम सिंघानिया
आणि त्यांच्या पत्नी नवाज मोदी.
2023 मध्ये दोघं वेगळे होत असल्याचं जाहीर झालं.
वाद संचालक मंडळापर्यंत गेला.
2025 मध्ये नवाज मोदींनी संचालकपद सोडलं.

त्यांच्याकडे निदान ते पद तरी होतं.
आपल्याकडची बाई सकाळपासून गल्ल्यावर बसते,
उधारीची वही सांभाळते,
आणि परवान्यावर तिचं नाव नसतं.
हे मला फार खुपतं.

गोव्यात लग्नानंतर मालमत्ता सहसा दोघांची धरतात.
महाराष्ट्रात तसं नाही.
इथे पोटगी मागता येते.
धंद्यातला वाटा मात्र नुसत्या लग्नाने मिळत नाही.

म्हणून सांगते, कागदावर दोघांचं नाव हवं.
भागीदारीपत्र करा.
त्याची नोंदणीही करा.
नोंदणी नसेल, तर कोर्टात हक्क मागणं अवघड जातं.

आणि वाद झालाच,
तर शिराळ्याच्या न्यायालयात तालुका विधी सेवा समितीकडे जा.
महिलांना वकील मोफत मिळतो.
त्याला उत्पन्नाची अट नाही.