बगळी आणि करकोचा

आपल्या चौलचे नाव रशियन भाषेत पाचशे वर्षांपूर्वीच लिहिले गेले. व्होल्गाकाठच्या त्वेर गावचा व्यापारी अफानासी निकितीन पंधराव्या शतकात एक घोडा विकायला घेऊन इथल्या बंदरात उतरला, आणि इथली हकीकत त्याने लिहून ठेवली. रेवदंड्याला 2002 साली त्याचे स्मारकही झाले. त्याने इकडचे तिकडे नेले. आज तिकडची एक लोककथा ऐका.

दलदलीच्या एका टोकाला करकोचा राहतो, दुसऱ्या टोकाला बगळी. एकटेपणाला कंटाळून करकोचा तिला मागणी घालतो. ती नावे ठेवून त्याला परत पाठवते. मग पस्तावते, आपण होऊन त्याच्याकडे जाते. आता तो रुसलेला! ती परतते, की तो पस्तावतो, तिच्यामागे निघतो. तेव्हा ती फुगलेली. अशा फेऱ्या अजून चालूच आहेत.

युरी नॉर्स्टीन यांनी 1974 साली या कथेचा दहा मिनिटांचा चित्रपट केला. कागदी पक्ष्यांचे सुटे भाग काचेच्या थरांवर मांडायचे, केसभर हलवायचे, छायाचित्र घ्यायचे, पुन्हा हलवायचे. पडद्यावर सेकंदाला अशी चोवीस छायाचित्रे सरकतात. पडक्या वाड्याचे खांब, धुके, पाऊस, आणि त्यात हे दोघे. पोरे हसतील, मोठी माणसे मात्र गप्प होतील.

का? कारण या गोष्टीत राक्षस नाही, सावत्र आई नाही. मनात होकार असूनच घात होतो. आपल्याकडे बांधावरून दोन भावांचे बोलणे तुटते. वर्षाने धाकटा ओटीवर येतो, आणि नेमका तेव्हाच थोरल्याला जुना शब्द आठवतो. धाकटा पाणीसुद्धा न घेता उठतो. पुढे थोरला जातो, तर धाकट्याचे दार बंद.

पहिले पाऊल कोणी टाकायचे, असे आपण विचारतो. या दोन पक्ष्यांनी ते कितीदा तरी टाकले! कमी पडले ते एवढेच, की दारी आलेल्याला कोणी "ये, बस" म्हटले नाही.

गुरुजींनी ही गोष्ट वर्गात सांगावी आणि ती कुठे संपवता आली असती, हे मुलांना विचारावे. आपण वडीलधाऱ्यांनी एवढे करावे: रुसलेले माणूस ओटीवर आले, तर आधी चटई टाकावी, हिशेब मागाहून काढावा.