मुठेल आणि पॅरिसची बाटली

मे महिना सरत आला की रायगडच्या किनाऱ्यावरच्या वाड्यांमध्ये अंगणभर लालसर-काळा सडा दिसतो. रातांबे फोडून झालेले असतात, सालींची आमसुले उन्हात पडलेली असतात, आगळ बरणीत गेलेले असते. उरते ती बी. ती खडखडीत वाळली की कवच फोडायचे, आतला गर कुटायचा आणि मोठ्या टोपात भरपूर पाणी घालून शिजत ठेवायचा. हळूहळू वर तवंग येतो. रात्रभर टोप निवू दिला की सकाळी पाण्यावर फिकट पांढरा थर धरलेला असतो. तो उचलून मुठीत दाबला की गोळा तयार, आणि त्यावर चार बोटांच्या खुणा तशाच राहतात. हे मुठेल, म्हणजे कोकमाचे तेल.

जुनी माणसे हा गोळा समईच्या ज्योतीपाशी क्षणभर धरतात आणि सुटलेला थेंब टाचेच्या भेगेत सोडतात. वितळायला याला चाळीस अंशांच्या आसपास ऊब लागते. त्यामुळे फडताळात ते ऐन उन्हाळ्यातही घट्ट बसून राहते आणि चोळले की अंगाच्या उबेने मऊ होते. लावणीच्या दिवसांत पायाच्या बोटांमध्ये झालेल्या चिखल्या असोत, पेण-उरणच्या मिठागरांत खाऱ्या पाण्याने चिरलेल्या टाचा असोत की थंडीत फुटलेले ओठ, घरात उपाय हा एकच. समोर बसलेल्यांपैकी अनेकांच्या आजीच्या ट्रंकेत तो कापडात गुंडाळलेला सापडला असेल.

हेच तेल आता महागड्या क्रीमच्या खोक्यावर बारीक अक्षरांत वाचायला मिळते. तिथे त्याचे नाव असते गार्सिनिया इंडिका सीड बटर. युरोपियन संघाने चॉकलेटमध्ये कोको बटरखेरीज ज्या सहा वनस्पतिज चरबी वापरायला मुभा दिली, त्या यादीतही कोकम आहे, तेही आपले आंब्याच्या कोयीचे तेल आणि सालबियांचे तेल यांच्या पंगतीला बसून. दापोलीच्या कृषी विद्यापीठाने १९९७ मध्ये ‘कोकण अमृता’ ही कोकमाची जात दिली. कोकमाला पुढे भौगोलिक मानांकनही मिळाले, पण ते सिंधुदुर्ग आणि रत्नागिरीच्या नावाने. रातांबे आमच्याकडेही तितकेच आंबट असतात, असे रायगडकरांनी म्हणून घ्यावे. कागदावर मात्र आपण नाही.

आता अलिबागच्या एखाद्या मोठ्या मेडिकलमध्ये त्वचेच्या क्रीमचे कपाट पाहावे. नावे बहुतेक फ्रेंच, आणि नसली तरी मालक किंवा भागीदार फ्रेंच. त्वचेचे डॉक्टर लिहून देतात ते सेटाफिल गॅल्डर्मा या कंपनीचे. ही कंपनी १९८१ मध्ये लोरेआल आणि नेस्ले यांनी मिळून काढली होती. २०१४ मध्ये लोरेआल तीतून बाहेर पडली, पुढे नेस्लेनेही ती विकली, आणि २०२४ मध्ये लोरेआलने दहा टक्के भाग घेऊन पुन्हा आत पाऊल टाकले. सेटाफिलची स्पर्धक म्हणून जिचे नाव घेतले जाते ती सेराव्ही मुळात अमेरिकन. ती २०१७ पासून लोरेआलचीच आहे. विशी १९५५ पासून लोरेआलची, ला रोश-पोझे १९८९ पासून. केस काळे करायच्या पुड्यांच्या माळा पोयनाडपासून श्रीवर्धनपर्यंत टपऱ्यांवर लटकतात, त्यांतले गार्निए हे नावही त्याच घरचे. गिऱ्हाईक पाच डब्यांमधून एक निवडते, आणि हातात नेमकी कोणती कंपनी आली हे त्याच्या गावीही नसते.

या घराचा मूळपुरुष यूजीन शुएलर हा रसायनशास्त्रज्ञ. त्याने केसांचा रंग बनवून पॅरिसच्या केशकर्तनकारांना दारोदार विकला आणि १९०९ मध्ये कंपनी काढली. तिच्या पहिल्या लांबलचक नावाचा अर्थ साधारण ‘केसांसाठी निरुपद्रवी रंग बनवणारी फ्रेंच कंपनी’ असा होतो. ‘निरुपद्रवी’ हा शब्द पाटीवरच! त्या काळी केसांचे रंग टाळू भाजून काढत, त्यामुळे गिऱ्हाइकाच्या मनातली भीती ओळखून शुएलरने धंद्याचे बारसे केले. २०२४ मध्ये या कंपनीची विक्री ४३ अब्ज युरोंच्या वर गेली. मोठा हिस्सा आजही शुएलरच्या वारसांकडे, बेटनकूर-मेयर्स कुटुंबाकडे आहे, आणि पाचवा हिस्सा नेस्लेकडे. भारतात ही कंपनी १९९४ मध्ये आली. तिचा एक कारखाना पुण्याजवळ चाकणला आहे, त्यामुळे ‘पॅरिस’ छापलेली बाटली कधीकधी खंडाळ्याच्या घाटातून उतरून अलिबागला येते.

फ्रेंचांनी जो खरा डाव टाकला, तो पाण्याचा. ला रोश-पोझे हे मुळात झऱ्याचे एक लहानसे गाव. चौदाव्या शतकातल्या एका सरदाराच्या घोड्याचा त्वचारोग तिथल्या पाण्याने बरा झाला, अशी दंतकथा तिथे सांगतात. आव्हेनची कथाही घोड्याचीच. फ्रान्समधल्या घोड्यांना इतके त्वचारोग कसे होत, हे एक कोडेच आहे. १९७५ मध्ये एका औषधविक्रेत्याने ला रोश-पोझेच्या पाण्यावर क्रीम उभी केली. आव्हेनचे पाणी पिएर फाब्र या दुसऱ्या औषधविक्रेत्याने हाती घेतले, आणि १९९० मध्ये ते फवाऱ्याच्या डब्यांतून दुकानात आले. नुसते पाणी, दाबाखाली भरलेले! पण त्याच्या पाठीशी त्वचारोगतज्ज्ञ होते, झऱ्यावर येणाऱ्या रुग्णांच्या नोंदी होत्या, आणि विक्री सौंदर्यप्रसाधनांच्या दुकानात नव्हे, औषधांच्या दुकानात होती. पांढरा कोट घातलेला माणूस काउंटरवरून जे देतो, त्याला लोक मलम समजतात.

रायगडात उन्हाळी झरे नाहीत असे कोण म्हणेल? पालीच्या बल्लाळेश्वराला जाणारा भाविक जवळच्या उन्हेऱ्यालाही वाट वाकडी करतो. नावातच ऊन आहे. कुंडात पाय सोडला की आधी चटका, मग सवय, मग बाहेर यावेसे वाटत नाही. गंधकाचा वास कपड्यांना घरापर्यंत चिकटून येतो. महाडजवळ सवलाही सावित्रीच्या काठी असेच कुंड आहे. या पाण्याने खरूज, इसब बरे होते ही श्रद्धा पिढ्यान्‌पिढ्यांची. ती खरी की खोटी, हे इथे ठरवायचे नाही. फ्रेंचांनी घोड्याच्या गोष्टीला रुग्णाचा केसपेपर जोडला आणि आपण कुंडाला पायऱ्या बांधल्या, एवढाच फरक नोंदवायचा आहे.

आणि इथे एका मराठी माणसाची गोष्ट सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. केशव विष्णू पेंढरकर नागपूरचे, किराणा दुकानाचा अनुभव गाठीशी बांधून मुंबईला आलेले. १९५२ मध्ये त्यांनी परळला विको सुरू केली, ती दंतमंजनापासून. पुढे १९७५ मध्ये विको टर्मरिक ही हळदीची क्रीम आली. ला रोश-पोझेची क्रीम फ्रान्समध्ये त्याच साली दुकानात येत होती. हिंदुस्तान लीव्हरची फेअर अँड लव्हलीसुद्धा त्याच सालची. तीन क्रीम, आणि तिन्हींचे त्वचेबद्दलचे म्हणणे वेगळे: एक म्हणे त्वचा आजारी पडते, दुसरी म्हणे तिला हळद लावा, आणि तिसरी म्हणे ती काळी आहे हीच तक्रार. तिसरीला आपले नाव बदलायला २०२० साल उजाडावे लागले.

विकोच्या मागे मात्र उत्पादन शुल्क खाते लागले. ही क्रीम औषध की प्रसाधन? प्रसाधन ठरली तर भरमसाठ कर, आयुर्वेदिक औषध ठरली तर कमी. जाहिरातीतल्या गाण्यातच आपण प्रसाधन नव्हे असे बजावणाऱ्या या क्रीमचा वाद कोर्टकचेऱ्यांतून फिरत सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. कारखाना डोंबिवलीचा, वकील दिल्लीचे, आणि पुरावा म्हणजे हळद! निकाल विकोच्या बाजूने लागला, पण त्यात वर्षानुवर्षे गेली. औषध आणि प्रसाधन यांच्यामधली जी पट्टी आपल्याकडे खटल्याचा विषय झाली, त्याच पट्टीवर पिएर फाब्र आणि लोरेआल यांनी आपली दुकाने थाटली. फ्रेंच कंपन्या हुशार आणि आपण बावळट, असा याचा अर्थ काढायचे कारण नाही. पेंढरकरांना ती पट्टी दिसली होती. तिच्यावर उभे राहायचे भाडे त्यांना वेगळे पडले, इतकेच.

त्याच १९५२ मध्ये मुंबईत दुसरेही एक बारसे झाले. टाटा ऑइल मिल्सने फ्रेंच भागीदारांच्या मदतीने प्रसाधनांची कंपनी काढली आणि नाव ठेवले लॅक्मे. परकीय चलन वाचावे म्हणून पंडित नेहरूंनी जे. आर. डी. टाटांना गळ घातली, असे सांगितले जाते. नाव आले लिओ दलिब याच्या १८८३ च्या फ्रेंच संगीत नाटकावरून. त्यातली नायिका नीलकंठ नावाच्या ब्राह्मणाची मुलगी, आणि लॅक्मे हे लक्ष्मीचेच फ्रेंच रूप. म्हणजे आपली लक्ष्मी पॅरिसला गेली, रंगभूमीवर गायली आणि तिथले उच्चार घेऊन परळ-दादरच्या दुकानांत परत आली. कुंकवाच्या शेजारी लक्ष्मी या नावाने लिपस्टिक खपली असती का, हा प्रश्न ज्याने त्याने मनाशी सोडवावा. जिनिव्हाहून आलेल्या सिमोन टाटा १९६१ मध्ये या कंपनीच्या कारभारात आल्या, १९८२ मध्ये अध्यक्ष झाल्या. १९९८ मध्ये टाटांनी लॅक्मे हिंदुस्तान लीव्हरला विकली आणि तो पैसा कपड्यांच्या दुकानांत, म्हणजे वेस्टसाइडमध्ये लावला.

त्याआधी १९९३ मध्ये टाटा ऑइल मिल्सच लीव्हरमध्ये विलीन झाली होती. तिच्यासोबत गेला मोती साबण. नरकचतुर्दशीच्या पहाटे, उटणे लावून झाल्यावर, कारेटे फोडायच्या आधी घरोघरी जो गोल, जाड साबण निघतो, तो लंडनला मुख्यालय असलेल्या युनिलिव्हरच्या घरचा आहे. २०२५ मध्ये याच घराने जयपूरची मिनिमलिस्ट ही नवी कंपनी घेतली. नव्या मुलांनी ब्रँड उभा करायचा आणि मोठ्या घराने तो दत्तक घ्यायचा, ही रीत आता सगळीकडेच रुळली आहे.

मग रायगडाच्या वाट्याला काय? फेस आणि वास.

फेस तळोज्याचा. गॅलॅक्सी सरफॅक्टंट्स ही १९८६ मध्ये नोंदलेली कंपनी शॅम्पू आणि फेसवॉशला फेस आणणारे घटक बनवते. तिचा एक कारखाना पनवेल तालुक्यातल्या तळोजा एमआयडीसीत आहे, आणि गिऱ्हाइकांत युनिलिव्हर, प्रॉक्टर अँड गँबल आणि लोरेआलही आहेत. जाहिरातीत भांडणारे तिघे फेसापुरते एका दारात येतात.

वास महाडचा. प्रिव्ही स्पेशालिटी केमिकल्स ही कंपनी महाड एमआयडीसीत सुगंधी रसायने बनवते. कच्चा माल गुलाब किंवा मोगरा नव्हे. थंड देशांतल्या कागद गिरण्यांत पाइनचे लाकूड शिजवताना निघणारे घाणेरड्या वासाचे कच्चे टर्पेंटाइन. ते उकळून, तोडून, जोडून त्यातून जे निघते त्यांतले एक डायहायड्रोमायर्सेनॉल. नाव जिभेला वळत नाही, पण वास ओळखीचा आहे: लिंबू, धुतलेले कापड आणि थोडी सलूनची खुर्ची. १९८२ मध्ये पॅरिसच्या गी लारोशचे ‘ड्राकार न्वार’ हे अत्तर गाजले ते याच रसायनाच्या भरघोस वापराने, आणि तेव्हापासून पुरुषांच्या निम्म्या स्प्रेंना हा वास चिकटला. महाडची कंपनी या रसायनाच्या जगातल्या मोठ्या उत्पादकांपैकी एक आहे. १८९५ मध्ये स्वित्झर्लंडमध्ये सुरू झालेल्या जिवोदां या सुगंधाच्या बलाढ्य कंपनीने तिच्याशी भागीदारी करून महाडलाच वेगळा प्रकल्प काढला.

या फेसाची आणि वासाची दुसरी बाजूही किनाऱ्याला माहीत आहे. ऑगस्ट २०१७ मध्ये तळोज्यात भटके कुत्रे निळे होऊन फिरू लागले. रंग बनवणाऱ्या एका कारखान्याच्या आवारात आणि कासाडी नदीच्या पाण्यात त्याचे मूळ निघाले, आणि प्रदूषण नियंत्रण मंडळाने तो बंद करायला लावला. त्या निळ्या कुत्र्यांचा क्रीम-शॅम्पूशी थेट संबंध नव्हता. पण कासाडीत जाळे टाकणाऱ्या कोळ्याला कारखान्यांची वर्गवारी ठाऊक नसते. त्याला पाण्याचा रंग दिसतो आणि रिकामे जाळे दिसते. सुंदर दिसण्याचा धंदा जिथे बाटलीत शिरतो तिथे दुकान असते. त्याआधीच्या टप्प्यांवर मात्र खाडी असते.

महाडहून निघालेला ट्रक माणगाव, वडखळ, पनवेल करत उरणला येतो. १९८९ मध्ये सुरू झालेले न्हावा-शेव्याचे बंदर रायगडच्याच किनाऱ्यावर आहे. ड्रमवर रसायनाचे नाव, बॅच क्रमांक आणि धोक्याची खूण असते, बाकी काही नसते. याच बंदरातून बाहेरच्या देशांतली क्रीम, सीरम, अत्तरे खोक्यांत भरून आत येतात. खोक्यांवर सोनेरी अक्षरे, झऱ्याचे चित्र, आणि तळाला बारीक अक्षरांतली घटकांची यादी. करळ फाट्यापाशी दोन्हीकडचे ट्रेलर एकाच कोंडीत उभे असतात. ड्रायव्हर खाली उतरून चहा घेतात, आणि पावसाळ्याआधीच्या त्या दिवसांत टपरीवरच्या पोरीकडे कागदात बांधलेली आमसुले विकायला असतात.